पावसाच्या रजिस्टरांमागे

४ जून

खारूताई,

तुझ्या पुस्तकाची प्रुफं मिळाली. चारशे बारा पानं. पोस्टमनने तीन मजले चढवून आणली आणि माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी विटा मागवल्या होत्या. लिफ्ट बंद आहे. माझं खुब्याचं हाड आणि लिफ्ट या दोघांनी एकाच आठवड्यात राजीनामा दिला. हाडाला डॉक्टरांनी खिळे ठोकलेत, लिफ्टला कुणी वाली नाही. सात आठवडे झाले, ही खोली, ती खोली आणि बाल्कनीतून दिसणारी समोरच्या इमारतीची पाण्याची टाकी, एवढंच माझं जग. तेव्हा वाचायला वेळच वेळ आहे. तू विचारलं होतंस, म्हणून शब्द न् शब्द वाचला.

अर्पणपत्रिका वाचून डोळ्यांत पाणी आलं, खोटं कशाला बोलू. ‘आत्याला, जिने मला पहिला खण उघडून दाखवला.’ तू नऊ वर्षांची होतीस. सुट्टीत माझ्याबरोबर रेकॉर्ड ऑफिसात आलीस आणि कार्डांच्या खणात कोपरापर्यंत हात घालून बसलीस. चार कार्डं फ्रॉकच्या खिशात घालून घरीही नेलीस. तेव्हापासून तू खारूताई.

मग पान एकशे बारा आलं आणि डोळ्यांतलं पाणी जागच्या जागी आटलं.

तू लिहितेस की सात वाड्यांचा चराईचा माळ लष्कराच्या गोळीबाराच्या सरावासाठी घेतला, भोवती तारेचं कुंपण घातलं, आणि ‘त्यानंतरच्या अकरा वर्षांत रेकॉर्ड ऑफिसच्या सूचीत एकाही तक्रारीची नोंद नाही. या प्रदेशाची घडणच मुळी सोसून घेणाऱ्या समाजाची होती.’

सोसून घेणाऱ्या! आणि पुढे त्यावर साठ पानं! प्रेताकडे बघून ‘किती समाधानी चेहरा’ म्हणण्यातला प्रकार आहे हा.

अगं, तक्रारी होत्या. सेहेचाळीस होत्या. मी या हातांनी मोजल्या होत्या. तळघरात जा. रॅक चौदा, वरून दुसरा कप्पा, पर्जन्यमानाची रजिस्टरं. त्यांच्या मागे, भिंतीला लागून, दोन गठ्ठे आहेत. आमचा जुना शिपाई परवा फोनवर ओरडून सांगत होता (मला एका कानाने ऐकू येत नाही आणि दुसऱ्याने नको तेवढंच येतं) की पावसाची सगळी रजिस्टरं आता कॉम्प्युटरवर चढली, म्हणून कागद महिनाअखेर रद्दीत जाणार. म्हणजे रजिस्टरांबरोबर मागचंही जाणार. उद्याच्या उद्या जा. तुझ्या घरापासून ते ऑफिस दहा मिनिटांवर आहे. माझ्यापासून ते तीन मजले आणि दोनशे मैल आहे, आणि त्यातले तीन मजले जास्त लांब आहेत.

तुझी
आत्या

११ जून

प्रिय आत्या,

तुझं पत्र वाचताना आवाजासकट ऐकू आलं. हाड जुळतंय ना? वॉकर वापर. शोभेला ठेवलेला नाही तो.

आता पान एकशे बाराबद्दल. आत्या, मी त्या ऑफिसात सात महिने काढले आहेत. तक्रारींसाठी ‘त’चा खण, अर्जांसाठी ‘अ’चा खण, ‘चराई’, ‘माळ’, ‘कुंपण’, ‘लष्कर’, सगळी कार्डं काढून पाहिली. त्या काळात ऑफिसची तपासणी झाली होती, तिचा अहवालही वाचला. तपासणी अधिकारी स्वतः लिहितो की परिसरात शांतता असून कसलीही तक्रार नाही. सूची एक सांगते, अहवाल तेच सांगतो. दोन साधनं एकमेकांना दुजोरा देतात तेव्हा आम्ही ते मान्य करतो. नाही तर काय करायचं? वाड्यांमधली तेव्हाची माणसं पांगली. त्यांची मुलं सांगतात, ‘आमचे आजे काही बोलायचे नाहीत.’ तेही माझ्या म्हणण्याशी जुळतं.

राग मानू नकोस, पण एकेचाळीस वर्षांपूर्वीची आठवण ही आठवण असते. माणूस मागच्या गोष्टीत स्वतःला थोडं शूर करून घेतो. सगळेच करतात. त्यात तुझ्या त्या वेदनाशामक गोळ्या. तू सांगतेस तसे गठ्ठे असते, तर त्यांचं कार्ड असतं. तूच मला शिकवलंस की कार्डाशिवाय त्या इमारतीत कागदाचा कपटाही राहत नाही. होतं का कार्ड?

आणि माझी बाजूही बघ. पुस्तक छापखान्यात जायला निघालंय. दहा जुलैला कायमच्या जागेसाठी मुलाखत आहे. नऊ वर्षं मी विद्यापीठात ‘हंगामी’ आहे, आत्या. दर उन्हाळ्यात टेबल रिकामं करायचं, दर जूनला पुन्हा मांडायचं. या वेळी विभागप्रमुखांनी स्वतः सांगितलंय की पुस्तकातला तो भागच निवड समितीला आवडलाय. ‘मौनाचा इतिहास’ असं काहीतरी म्हणत होते. आता त्यांना जाऊन सांगू, की आत्या म्हणते मौन नव्हतंच?

तळघर ओलं असतं आणि मला धुळीने दमा होतो. तरी वेळ मिळाला तर डोकावीन.

तुझी
खारूताई

१५ जून

खारूताई,

‘वेळ मिळाला तर डोकावीन.’ चुलीवर दूध ठेवलंय आणि म्हणतेस वेळ मिळाला तर बघते.

माझ्या गोळ्यांची चौकशी केल्याबद्दल आभार. गुडघे मऊ झालेत, डोकं नाही. फिजिओथेरपीवाली दर सोमवारी येते आणि पाय असा काही पिळते की मला एकेचाळीस काय, एकसष्ट वर्षांपूर्वीचंही आठवतं. कॉन्व्हेंटमधल्या सिस्टर अक्षर वळवायला बोटांवर पट्टी मारत, ती पट्टीसुद्धा आठवते. त्याच अक्षरात त्या ऑफिसातली अकरा हजार कार्डं आहेत. तुझी ती ‘सूची’ आकाशातून पडलेली नाही, बाई. मी लिहिली आहे. सूचीत काय आहे ते तू बघितलंस. सूची कोण करत होतं, कुणाच्या हाताखाली, टेबलाच्या पलीकडून तिच्याकडे कोण बघत होतं, हे नाही बघितलंस. आणि समोर ती करणारी म्हातारी खुबा मोडून बसली आहे, तर तिला गोळ्यांबद्दल विचारतेस!

कार्ड नव्हतं. बरोबर बोललीस. त्याचं कारण ऐक.

आमच्याकडे कागदाच्या चार जाती. ‘अ’ म्हणजे कायमचा. ‘ड’ म्हणजे वर्षभराने रद्दी. लोकांच्या तक्रारी ‘ड’. पाऊस मात्र ‘अ’. किती इंच पडला ते जन्मभर ठेवायचं, माणूस किती रडला ते वर्षभर. तेव्हा मी त्या सेहेचाळीस तक्रारी उचलल्या आणि पावसामागे ठेवल्या. तिथे कुणी हात लावणार नाही म्हणून. कार्ड केलं असतं तर वर्षाच्या शेवटी कार्ड बघून त्या काढल्या असत्या आणि लगद्याला धाडल्या असत्या. म्हणून नाही केलं. झालं समाधान?

आता ‘आमचे आजे बोलायचे नाहीत’. अगं, एकदा बोलून बघितल्यावर उत्तर आलं नाही, मग कशाला बोलतील? गप्प माणूस आणि गप्प केलेला माणूस नातवाला सारखाच दिसतो. तुला नऊ वर्षं पगार मिळतोय तो यातला फरक ओळखण्यासाठी.

मी स्वतः गेले असते. काल दारापर्यंत गेले, जिना बघितला. चोपन्न पायऱ्या आहेत. चार उतरले आणि कठडा धरून अर्धा तास उभी होते. खालीही जाता येईना, वरही येता येईना. शेवटी समोरच्या घरातल्या बाईंनी मला पोत्यासारखं वर ओढलं. त्यांना सांगितलं, हवा खायला आले होते.

तीस तारखेच्या आत जा. हे मी आत्या म्हणून सांगत नाही. आत्या म्हणून सांगायचं असतं तर कान धरून नेलं असतं.

आत्या

२७ जून

प्रिय आत्या,

हे पत्र कसं लिहावं कळत नाही. मी परवा गेले होते. तू सांगितलंस तसंच, रॅक चौदा, वरचा दुसरा कप्पा. आत्या, उशीर झाला. रद्दीचा ट्रक आदल्या दिवशीच येऊन गेला. कप्पा रिकामा होता. धूळ, दोन फाटकी पुठ्ठ्याची कव्हरं, एक मेलेलं झुरळ. तिथल्या कारकुनाने खांदे उडवले. ‘वरून ऑर्डर होती, मॅडम.’ मी तिथेच जिन्यावर बसून राहिले. दम लागला होता, पण नुसत्या धुळीने नाही.

तुझं ऐकून लगेच जायला हवं होतं. हे मला आयुष्यभर टोचत राहील.

पण एक सांगू? कागद मिळाले असते तरी फार काही हाती लागलं असतं असं नाही. तक्रार कोणी केली, पुढारी कोण, कुणाच्या सांगण्यावरून, हे कळल्याशिवाय अशा कागदांचा अर्थ लावता येत नाही. सगळी नावं गोलात लिहिलेली, पहिलं कोण आणि शेवटचं कोण हे कळायला मार्ग नाही, अर्धे तर अंगठेच. समिती म्हणाली असती, हे एकाच माणसाने बसून केलेलं काम कशावरून नाही? साधन आहे म्हणजे पुरावा आहे असं नसतं. तेव्हा तू मनाला लावून घेऊ नकोस. मी तळटीप घालते: ‘काही तक्रारी झाल्या असल्याची एक मौखिक आठवण उपलब्ध आहे.’ तुझा उल्लेख आदराने करीन.

पायऱ्या उतरण्याचे उद्योग परत करू नकोस, प्लीज. मुलाखत झाली की मी येते. मग निवांत बोलू.

तुझी
खारूताई

२ जुलै

खारूताई,

तुझं पत्र दोनदा वाचलं. पहिल्यांदा वाचून रडले. दुसऱ्यांदा चष्मा पुसून वाचलं.

नावं गोलात लिहिली होती, हे मी तुला कधी सांगितलं?

माझी दोन्ही पत्रं काढ, बघ. मी सेहेचाळीस म्हटलं. रॅक सांगितला, कप्पा सांगितला. गोलाबद्दल चकार शब्द नाही. कागदाच्या मधोमध एक वर्तुळ, चहाच्या कपाची बशी ठेवून काढलेलं, आणि त्याच्या कडेने सूर्याच्या किरणांसारखी नावं आणि अंगठे. कुणाचं नाव पहिलं ते कळू नये म्हणून. पहिलं नाव कळलं की पोलीस पहिल्या घरी जातात. हा गोल ज्याने गठ्ठा सोडला त्यालाच माहीत. गठ्ठा मी बांधला. सोडलास तू.

मांजर डोळे मिटून दूध पितं, ते तुझ्यापेक्षा बरं. ते निदान तळटीप तरी घालत नाही.

कुठे आहेत ते? तू लगद्याला घातले नाहीस हे मला माहीत आहे. तेवढी छाती तुला नाही, आणि कागद फाडायचा हात तर आपल्या घराण्यातच नाही. घरी आहेत. पलंगाखाली, नाही तर माळ्यावर सुटकेसच्या मागे. आणि रोज येता-जाता तू तिकडे बघत नसशील.

कसं ओळखलं म्हणशील. मीही तेच केलं होतं आणि तुला खरं सांगितलं नव्हतं, म्हणून ओळखलं.

मी त्या तक्रारी वाचवल्या नव्हत्या. ‘ड’ वर्ग आणि लगदा, हे सगळं मी नंतर रचलं. रचता रचता इतकं घट्ट बसलं की मलाच खरं वाटायला लागलं. झालं असं की तपासणी येणार होती. आमच्या साहेबांनी मला बोलावलं. खुर्चीवर बसा म्हणाले नाहीत, पण दार लावून घ्या म्हणाले. ‘बाई, हे कागद तपासणीला सापडता कामा नयेत. फाडू नका, फाडले की आपण अडकतो. असे ठेवा की असून नसल्यासारखे. तुमच्याइतकं ते कुणाला जमणार?’ मी सत्तावीस वर्षांची, हंगामी, पाच वर्षं. मला अभिमान वाटला, खारूताई. माझ्याइतकं ते कुणाला जमणार!

तपासणीवाला दोन दिवस होता. ‘त’चा खण त्याने माझ्यासमोर उघडला, बोटाने कार्डं चाळली, चहा प्यायला, आणि लिहिलं, ‘शांतता आहे.’ तुझं ते दुसरं साधन. दुजोरा देणारं. दोन्ही साधनं एकाच टेबलावर बनली होती आणि मध्ये चहाचा ट्रे होता. त्याच महिन्यात मी कायम झाले.

त्यानंतर तीस वर्षं रोज दहा ते साडेपाच मी त्याच इमारतीत होते. कुठल्याही मंगळवारी खाली जाऊन ते गठ्ठे काढता आले असते. साहेब बदलले, निवृत्त झाले, मेले. मी रोज म्हणायचे, आज नको. तिसऱ्या मजल्यावर अडकायला लिफ्ट बंद पडावी लागते असं नाही.

आणि तू येऊन पान एकशे बारावर माझं ते कसब इतिहास म्हणून छापतेस! मी तुझ्यावर एवढी का चिडले ते आता कळलं असेल. आरशावर चिडावं तशी चिडले.

सोबत एक कार्ड पाठवते आहे. निवृत्त होताना शंभर कोरी घरी आणली होती, खार काय एकटी तूच नाहीस. मजकूर भरला आहे: ‘तक्रारी, चराईचा माळ, सात वाड्या, ४६.’ खाली ‘कोणी हलवले’ ही ओळ मोकळी ठेवली आहे. तिथे माझं नाव घाल, पूर्ण, आणि मग तुझं. तसंच दुसरं कार्ड माझ्याकडे तयार आहे, त्यावर दोन्ही नावं आहेत, आणि पाकिटावर रेकॉर्ड ऑफिसच्या प्रमुखांचा पत्ता आहे. सोमवारी आठ तारखेला फिजिओथेरपीवाली येते. जाताना तीच माझी पत्रं टाकते.

तोवर तुझी तू जा.

आत्या

९ जुलै

आत्या,

पलंगाखाली होते. चादरीत गुंडाळून. तीन आठवडे मी पलंगावर त्यांच्या उलट्या कडेला झोपत होते.

मी पंचवीसला नाही, अठरालाच गेले होते. तू सांगितल्यावर राहवलं नाही. ट्रक यायचा होता अजून. गठ्ठे पिशवीत घातले आणि कारकुनासमोरून घेऊन आले. त्याने विचारलं, ‘काय मॅडम, रद्दी?’ मी म्हटलं, ‘हो, रद्दी.’ जन्मात इतक्या सहज खोटं बोलले नव्हते. ते कागद वाचायलाच हवेत असं वाटलं म्हणून आणले. आणि वाचल्यावर ते कुणी वाचायला नकोत असं वाटलं. एका तक्रारीत लिहिलंय, ‘कुंपणाच्या आत आमची विहीर राहिली आहे, ती तरी बाहेर काढून द्यावी.’ यानंतर ‘सोसून घेणारा समाज’ हे शब्द मला प्रुफात बघवेनात. पण खोडताही येईनात. खोडले की साठ पानं कोसळतात, आणि त्यांच्यावर मी उभी आहे. तुला ते मी समजावून सांगायची गरज नाही.

काल सकाळी गठ्ठे परत नेले. प्रमुखांच्या टेबलावर ठेवले. त्यांनी बशीच्या एका वर्तुळावरून बोट फिरवलं. मग म्हणाले, यांचं कार्ड कुठाय?

तुझं कार्ड मी दिलं नाही.

कारण ते चुकलेलं आहे. तक्रारी सेहेचाळीस नाहीत, सत्तेचाळीस आहेत. एक घडी घालून दुसरीच्या पोटात होती. आणि दुसरं कारण. दुसऱ्या गठ्ठ्याच्या तळाशी, शेवटच्या तक्रारीखाली, एक जुनं कार्ड होतं. पिवळं पडलेलं, तुझ्या त्या सिस्टरांच्या अक्षरातलं. ‘तक्रारी, चराईचा माळ. पाहा: पर्जन्यमान, रॅक १४, मागे.’ तारीख तू कायम झालीस त्या महिन्याची. म्हणजे साहेबांनी दार लावून घ्यायला सांगितलं, तू कागद लपवलेस, आणि मग लपवल्याचं कार्डही केलंस. फक्त खणात लावलं नाहीस.

तुला आठवतं का ते? तिन्ही पत्रांत तू लिहिलं नाहीस. मला वाटतं तू विसरलीस. किंवा आठवतं आणि सांगायचं नाही. तू ते का लिहिलंस आणि का लावलं नाहीस, यावर मी एक अख्खं प्रकरण लिहू शकते. लिहिणार नाही. कार्डावर तेवढं नाही, आणि कार्डावर नाही ते आपल्या मनाचं भरायची खोड मला आता थोडी कळली आहे.

मी तेच कार्ड लावलं. ‘त’च्या खणात, तुझ्यादेखत तपासणीवाल्याने बोटं फिरवली असतील तिथे. ‘कोणी हलवले’ या ओळीवर दोन्ही नावं घातली. ४७ हा आकडाही. शाई ओली होती, प्रमुखांनी फुंकर मारून वाळवली. छापखान्याला फोन केला. छपाई थांबली आहे, की थांबवता येणार नाही, उद्या कळेल. मुलाखतही उद्या आहे. विभागप्रमुखांना सांगितलं. ते ‘अरेरे’ म्हणाले. माझ्यासाठी की मौनाच्या इतिहासासाठी, ते कळलं नाही.

दुसरं कार्ड टाकलंस का सोमवारी?

खारूताई

१३ जुलै

खारूताई,

टाकलं नाही. फिजिओथेरपीवाली आली, पाय पिळला, मी पाकीट उशीखाली धरून बसले. ‘काही टाकायचंय का, आजी?’ म्हणाली. मी म्हटलं, पुढच्या सोमवारी. म्हणजे बघ. एकेचाळीस वर्षांत माझ्यात काय सुधारणा झाली ते. तू गेलीस म्हणून बरं, माझ्या भरवशावर राहिली असतीस तर आपण दोघी अजून पलंगाखालीच असतो.

त्या जुन्या कार्डाबद्दल मला विचारू नकोस. विचारलंस तर मी काहीतरी छान उत्तर देईन, आणि ते खरं असेलच असं नाही. अक्षर माझं आहे एवढं नक्की. तेव्हा बरं होतं.

सत्तेचाळीस! पोटातली एक मला दिसली नव्हती. तिची नक्कल घेऊन ये, मला वाचायची आहे.

मुलाखतीचं काय झालं ते पत्रात लिहू नकोस. ये आणि सांग. लिफ्ट बंदच आहे. तूच चढून यायचंस. मी उतरू शकत नाही, पण दार उघडं ठेवीन.

आणि एक. ती माणसं शहाणी होती. पहिलं नाव कुणाचं ते कळू नये म्हणून त्यांनी बशी ठेवून गोल काढला. आपल्याला कार्डावर गोलाची सोय नाही. तिथे सरळ ओळ आहे. आधी माझं, मग तुझं. कुणालाही खण उघडून वाचता येईल.

आत्या